रूळ कोणासाठी, जोखीम कोणाची?

१७ सप्टेंबर २०२५ रोजी, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनी, बीड आणि अहिल्यानगर यांच्या दरम्यान रेल्वेगाडी धावू लागली. अहिल्यानगर-बीड-परळी या मार्गास १९९५ साली मंजुरी मिळाली होती. तो बीडपर्यंत यावयास तीस वर्षे लागली. या घटनेचा आनंद मराठवाड्यात सर्वत्र झाला हे स्वाभाविकच होय. त्याबरोबरच, ज्या भागात अद्याप रूळ पोहोचलेले नाहीत तेथे 'आमची पाळी केव्हा?' हा प्रश्नही पुन्हा उभा राहिला आहे. परभणी-जिंतूर रस्त्यावरील बोरी हे असेच एक गाव. जिंतूरला रेल्वे नाही. बोरीच्या शिवारातील कापूस, सोयाबीन आणि तूर हा सारा माल रस्त्यानेच बाहेर पडतो आणि आगगाडी गाठावयाची तर परभणीस जावे लागते. अशा गावांच्या मागणीचा विचार भावनेच्या भरात न करता अर्थशास्त्राच्या कसोटीवर व्हावयास हवा.

रेल्वे आली की समृद्धी येते, या समजुतीला आधार म्हणून अमेरिकेचे उदाहरण नेहमी दिले जाते. १८६२ च्या कायद्याने तेथील सरकारने रेल्वे कंपन्यांना सरकारी जमिनी बहाल केल्या, मैलामागे कर्जरोखे दिले आणि १० मे १८६९ रोजी युटामधील प्रॉमन्टरी येथे पूर्व व पश्चिमेकडून आलेले रूळ एकमेकांस जोडले गेले. हा इतिहास खरा असला तरी तो अर्धाच आहे. युनियन पॅसिफिकच्या सूत्रधारांनीच 'क्रेडिट मोबिलिए' नावाची बांधकाम कंपनी ताब्यात घेऊन अवाच्या सवा दराने कामे केल्याचे दाखविले, नफा खिशात घातला आणि काँग्रेसच्या सभासदांना स्वस्तात भाग वाटले. १८७२ मध्ये हे प्रकरण उघडकीस आले. जोखीम जनतेची आणि लाभ मूठभरांचा, हा रेल्वेच्या इतिहासातील जुनाच धडा आहे.

हाच धडा मराठवाड्याच्या इतिहासातही आढळतो. निजामाच्या राज्यात १८८३ च्या सुमारास रेल्वे लंडनमधील कंपनीच्या हाती सोपविण्यात आली. भागभांडवलावर वीस वर्षेपर्यंत पाच टक्के व्याजाची हमी राज्याच्या तिजोरीने घेतली. नफा झाला तर भागधारकांचा आणि तूट आली तर रयतेची, असाच या व्यवहाराचा अर्थ होता. चांदा रेल्वे योजनेच्या अटी लोकांपुढे मांडाव्यात असा आग्रह धरणारे डॉ. अघोरनाथ चट्टोपाध्याय, म्हणजे सरोजिनी नायडूंचे वडील, यांना त्याच वर्षी हैदराबादमधून हद्दपार व्हावे लागले. रेल्वेचा हिशेब मागणे हा विकासास विरोध नव्हे, हे त्या काळच्या राज्यकर्त्यांस उमगले नाही. आजही ते सर्वांस उमगले आहे असे म्हणवत नाही.

१९०० च्या सुमारास मनमाड-हैदराबाद मार्ग सुरू झाला आणि परभणी, सेलू, जालना या बाजारपेठा रुळांवर आल्या. परंतु हा मार्ग मीटरमापी होता, तर मनमाडहून मुंबईस जाणारा रुंदमापी. त्यामुळे मराठवाड्याच्या कापसाच्या गाठी मनमाडला उतरवून दुसऱ्या डब्यांत भराव्या लागत. वेळ, मजुरी आणि नासधूस यांचा हा भुर्दंड अखेरीस शेतकऱ्याच्या दरातूनच वसूल होत असे. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांतही असाच प्रश्न होता. तेथे १८८६ मध्ये ३१ मे आणि १ जून या दोन दिवसांत ११ हजारांहून अधिक मैलांच्या रुळांचे माप बदलण्यात आले. तेथे फरक केवळ तीन इंचांचा होता आणि मराठवाड्यातील काम त्याहून कितीतरी अवघड होते, हे मान्य केले पाहिजे. तरीही मराठवाड्यास रुंदीकरणासाठी १९९० च्या दशकापर्यंत थांबावे लागले, आणि पूर्णा-अकोला मार्गाचे रुंदीकरण तर २००८ मध्ये पुरे झाले. ही दिरंगाई केवळ तांत्रिक नव्हती. ज्या प्रदेशाचा आवाज क्षीण, त्याचे काम शेवटी, असाच तो क्रम होता.

रेल्वेने नेमका किती लाभ होतो, याविषयी अर्थशास्त्रज्ञांत मतभेद आहेत. रॉबर्ट फोगेल यांनी १९६४ मध्ये असे प्रतिपादन केले की, रेल्वे नसती तरी कालवे, नद्या आणि गाड्या यांच्या साहाय्याने अमेरिकेचे १८९० चे राष्ट्रीय उत्पन्न फार तर काही टक्क्यांनीच घटले असते. याउलट, ब्रिटिशकालीन हिंदुस्थानाचा अभ्यास करून डेव्ह डोनाल्डसन यांनी असे दाखविले की, ज्या जिल्ह्यात रेल्वे आली तेथील शेतीचे वास्तव उत्पन्न सुमारे १६ टक्क्यांनी वाढले. दोन्ही निष्कर्षांत वरवर दिसतो तेवढा विरोध नाही. जेथे पर्यायी वाहतूक स्वस्त, तेथे रेल्वेचा वाढीव लाभ थोडा. जेथे बैलगाडीखेरीज साधन नाही, तेथे तो मोठा. पूर्णा नदीतून कापसाच्या नौका कधी जाऊ शकल्या नाहीत. म्हणूनच १९०० च्या मराठवाड्यास रेल्वे हे वरदान ठरले.

आज मात्र परिस्थिती पालटली आहे. बोरीच्या व्यापाऱ्याच्या दारात मालमोटार उभी राहते, आणि नागपूर-मुंबई समृद्धी महामार्ग २०२५ मध्ये पूर्ण झाला आहे. आता रेल्वेचा लाभ मोजावयाचा तो बैलगाडीच्या तुलनेत नव्हे, तर मालमोटारीच्या तुलनेत. लांब पल्ल्यावर रेल्वे स्वस्त पडते हे खरे. परंतु एका संपूर्ण मालगाडीस अडीच हजार टनांच्या आसपास माल लागतो, आणि चार-पाच एकरांचा शेतकरी तो कोठून आणणार? नुसते रूळ घातल्याने ही स्वस्ताई त्याच्यापर्यंत झिरपत नाही. मध्ये गोदाम हवे, माल एकत्र करणारी सहकारी संस्था हवी आणि थोडा माल स्वीकारणारी व्यवस्था हवी. अमेरिकेतील शेतकऱ्यांनाही रूळ मिळाल्यानंतरच खरा लढा द्यावा लागला. जवळच्या पल्ल्यास दूरच्यापेक्षा अधिक भाडे आकारणाऱ्या कंपन्यांविरुद्ध ते १८७० च्या दशकात 'ग्रेंज' या संघटनेच्या झेंड्याखाली एकवटले. त्यातूनच पुढे १८८७ चा आंतरराज्य वाणिज्य कायदा आला.

या दृष्टीने पाहता तातडीच्या गोष्टी वेगळ्याच दिसतात. छत्रपती संभाजीनगर-परभणी या १७७ किलोमीटरच्या दुहेरीकरणास केंद्राने जुलै २०२५ मध्ये मंजुरी दिली. ते वेळेत पुरे होणे आणि त्याबरोबर परभणीस धान्य व कापसासाठी सुसज्ज मालधक्का उभा राहणे, याचा बोरीला होणारा लाभ कागदावरील एखाद्या नव्या मार्गापेक्षा अधिक असेल. दुसरी गोष्ट खर्चाच्या वाटपाची. ऑगस्ट २०२४ मध्ये मंजूर झालेल्या १७४ किलोमीटरच्या जालना-जळगाव मार्गाप्रमाणे निम्मा भार राज्याने उचलण्याची प्रथा रुळली आहे. मुंबईच्या तिजोरीत चणचण भासली की प्रथम मागास भागाचा हिस्सा लांबणीवर पडतो आणि विलंबाने खर्च वाढतो. मागास प्रदेशांपुरती ही अट शिथिल करणे न्यायाचे होईल. तिसरी गोष्ट, प्रत्येक नव्या मार्गाचा अपेक्षित मालवाहतुकीचा हिशेब आणि भूसंपादनाचे दर मराठीतून जाहीर व्हावयास हवेत.

अमेरिकेत १९१६ च्या सुमारास अडीच लाख मैलांहून अधिक असलेले लोहमार्ग पुढे कितीतरी आटले. मोडीत निघालेल्या मार्गांवरील वाफेची इंजिने तेथील हौशी मंडळी जिवापाड जपतात. पुण्यातही कोथरूडला छोट्या आगगाड्यांचे सुरेख संग्रहालय आहे. गेलेल्या रेल्वेची आठवण जपणे हा सुखवस्तू समाजाचा छंद आहे, आणि त्यात वावगे काही नाही. बोरीच्या वाट्याला मात्र अजून पहिलीच शिटी यावयाची आहे. ती यावी ही अपेक्षा रास्तच आहे. परंतु मालाचे भाडे कोण ठरविणार, जमीन कोणत्या दराने जाणार आणि तूट आल्यास ती कोण भरणार, हे प्रश्न शिटी वाजण्यापूर्वीच विचारले गेले पाहिजेत. १८८३ मध्ये ते विचारणारास गाव सोडावे लागले. आज ते विचारण्याची मोकळीक आहे आणि तिचा उपयोग करणे हे मराठवाड्याच्याच हिताचे आहे.