शंभरातले तीस

सोयाबीन हातचं गेलं, पोरगा बारावीत नापास झाला, जुळलेली सोयरीक मोडली. कारण कुठलंही असो, आमच्या वऱ्हाडात माणसाला सल्ला एकच मिळतो: 'मन घट्ट कर.' वाशिम जिल्ह्याच्या मालेगाव तालुक्यातल्या किन्हीराजासारख्या गावात तो पारावर मिळतो, पानटपरीवर मिळतो आणि मयतीलाही मिळतो. तेवढ्याने भागलं नाही तर 'काहून रडतं बे बायासारखा?' हे ठरलेलंच. सांगणाऱ्याचा हेतू वाईट नसतो. पण या सल्ल्याच्या पोटात एक सिद्धान्त दडलेला आहे: जो स्वतःशी जितका कठोर, तो तितका खंबीर. हा सिद्धान्त खोटा आहे, एवढंच नव्हे तर घातक आहे, असं माझं म्हणणं आहे. प्रतिपक्षाचे तीन आक्षेप नेहमी ऐकू येतात. ते एकेक करून पाहू.

पहिला आक्षेप असा की मऊ माणूस दुबळा असतो; मऊ लागलं की लोक कोपराने खणतात. यावर साने गुरुजींचं नाव घेतलं की पुरे. गुरुजींच्या हळवेपणाची, डोळ्यांतल्या पाण्याची महाराष्ट्राने भरपूर थट्टा केली. याच हळव्या माणसाने पंढरपूरचं विठ्ठलमंदिर अस्पृश्य मानल्या गेलेल्यांना खुलं व्हावं म्हणून आधी महाराष्ट्रभर दौरा केला आणि १ मे १९४७ ला उपोषण मांडलं. खुद्द गांधीजींनी थांबायला सांगितलं, तरी ते थांबले नाहीत. उपोषण सुटलं ते मंदिराचं दार उघडण्याची हमी घेऊनच. दांडगाई करणाऱ्या किती जणांच्या नावावर असं एक तरी दार आहे?

इथे प्रतिपक्ष लगेच म्हणेल की याच गुरुजींनी ११ जून १९५० ला आपलं आयुष्य संपवलं, त्याचं काय? प्रश्न रास्त आहे. त्यांच्या मनाचा निवाडा परस्पर करण्याचा अधिकार तुम्हालाही नाही, मलाही नाही. मी त्यातून एवढाच धडा घेतो की दुसऱ्यांना वाटलेली माया आपोआप आपल्या वाट्याला येत नाही. तिचा हिस्सा स्वतःसाठी वेगळा काढावा लागतो. जगाचे अश्रू पुसणाऱ्यालाही आपल्यासाठी कुणाला तरी हाक मारता आली पाहिजे.

दुसरा आक्षेप जास्त लोकप्रिय आहे. स्वतःला समजून घ्यायला लागलं की माणूस सैल पडतो, चुकीची सवय लागते, 'चालतंय की' वृत्ती बळावते. 'छडी लागे छमछम'वर वाढलेल्या पिढ्यांना हे पटकन पटतं. पण पुरावा उलटा आहे. बर्कलीच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या ज्युलियाना ब्राइन्स आणि सेरेना चेन यांनी २०१२ मध्ये काही प्रयोग प्रसिद्ध केले. त्यातल्या एकात विद्यार्थ्यांना शब्दज्ञानाची मुद्दाम अवघड परीक्षा दिली. ती बिघडल्यावर काहींना सांगितलं की ही अनेकांना जड जाते, स्वतःला फार बोल लावून घेऊ नका. काहींना 'तुम्ही हुशारच आहात' असं चढवलं. उरलेल्यांना काहीच सांगितलं नाही. फेरपरीक्षेच्या आधी सगळ्यांत जास्त वेळ अभ्यासाला बसले ते पहिल्या गटातले. फुशारकीपेक्षा समजूत कामी आली.

बर्कली लांब वाटत असेल तर आपल्याच घरातल्या ओसरीवर या. मे महिन्याच्या अखेरीला घरचं सोयाबीन बियाणं म्हणून वापरायचं असेल तर शेतकरी काय करतो? मूठभर नव्हे, मोजून शंभर दाणे घेतो. ओल्या गोणपाटावर दहाच्या दहा ओळी मांडतो, वर दुसरं ओलं गोणपाट घालून गुंडाळी करतो, सावलीत ठेवतो, अधूनमधून पाणी शिंपडतो. सहा-सात दिवसांनी उलगडून कोंब मोजतो. सत्तर किंवा जास्त उगवले तर बियाणं चांगलं, शिफारशीइतकंच पेरायचं. कमी उगवले तर एकरी प्रमाण वाढवायचं. न उगवलेल्या दाण्यांना कुणी शिव्या देत नाही की गोणपाट बदडत नाही. शंभरातले तीस वाया गेले तरी त्याला बियाणं चांगलंच म्हणायचं, हे त्या माणसाला पक्कं ठाऊक असतं. तोच माणूस स्वतःच्या आयुष्यातला एक हंगाम बिघडला की स्वतःला कवडीमोल ठरवतो. दाण्याला तीसची सूट, आणि पेरणाऱ्याला एकाचीही नाही. हा कुठला हिशोब? गोणपाटातली मोजणी म्हणजे काही बियाण्याचे लाड नव्हेत. ती कडक तपासणी असते. फक्त तिच्यात राग नसतो, म्हणून तिचा आकडा खरा निघतो.

तिसरा आक्षेप सगळ्यांत वजनदार. 'हे पोट भरलेल्यांचे चोचले आहेत. शेतकऱ्याला भाव द्या, पाणी द्या. त्याला स्वतःवर माया करायला शिकवणं म्हणजे सरकारला मोकळं सोडणं.' यातली भाव-पाण्याची मागणी शंभर टक्के खरी आहे. २००६ मध्ये पंतप्रधानांनी विदर्भातल्या सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर केलं, त्यात वाशिम होता. त्यानंतरही सोयाबीनचं दुखणं सरलं नाही. २०२४-२५ चा हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये होता, आणि त्या हंगामात कित्येकांनी त्याच्या खालीच माल घातला. हा दोष शेतकऱ्याचा नाही.

पण म्हणूनच हा आक्षेप उलटतो. 'मलेच शेती जमत नाही' म्हणत जो रात्रभर स्वतःला झोडपतो, तो भाव पाडणाऱ्या धोरणाला प्रश्न विचारायला उरतच नाही. सगळा दोष आपल्या डोक्यावर घेणारा माणूस खऱ्या दोषींच्या फार सोयीचा असतो. स्वतःशी न्यायाने वागणाऱ्यालाच दुसऱ्याकडे न्याय मागता येतो.

आता माझी बाजू. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ क्रिस्टिन नेफ यांनी २००३ मध्ये स्वतःवरच्या मायेचे तीन भाग मांडले: स्वतःशी सौम्य बोलणं, आपलं दुःख सगळ्यांच्या दुःखातलंच आहे हे ओळखणं, आणि जे झालं ते न वाढवता, न लपवता पाहणं. वऱ्हाडीत हे चार वाक्यांत बसतं. 'अमदा सोयाबीन गेलं. गावातल्या लय जणायचं गेलं. पेरनीची घाई म्या केली, थे माही चूक. भाव पडला, थ्याले मी काय करू?' यात रडगाणं नाही, सबबही नाही. चूक कबूल आहे, पण तिच्या मापाएवढीच. असं बोलणारा माणूस घरात कर्जाचा खरा आकडा सांगू शकतो. घट्ट मनाचा माणूस तो आकडा गिळतो, बायकोलाही सांगत नाही, आणि घराला कळतं तेव्हा बरेचदा वेळ निघून गेलेली असते.

लपवण्याची ही सवय मोडता येते, याचा दाखला शेजारच्याच अमरावती जिल्ह्यात आहे. तिथल्या ३० गावांत 'विश्राम' हा कार्यक्रम चालला. गावपातळीवरचे कार्यकर्ते लोकांशी मनाच्या दुखण्याबद्दल बोलले, ऐकून घेऊ लागले. २०१७ मध्ये 'लॅन्सेट सायकिअॅट्री'त आलेल्या अहवालानुसार, नैराश्य असलेल्यांपैकी मदत घेणाऱ्यांचं प्रमाण १८ महिन्यांत ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेलं. कुणी दरडावलं म्हणून ही माणसं पुढे आली नाहीत. राज्य सरकारनेही २०१५ मध्ये वाशिमसह १४ जिल्ह्यांत 'प्रेरणा प्रकल्प' सुरू केला, त्यात घरोघर जाऊन विचारपूस करण्याचं काम आशाताईंकडे आलं. २०२२ पासून मनाच्या दुखण्यावर मदतीसाठी 'टेलिमानस'चा १४४१६ हा फोन क्रमांक आहे. रात्री-अपरात्रीही फुकट बोलता येतं. सोयी आहेत. फोन उचलायला आधी 'मला मदत मागण्याचा हक्क आहे' एवढं स्वतःला पटावं लागतं.

आणि हा सौम्यपणा व्यवहारालाही पक्का असतो. २०१६ ला आलेल्या प्रधानमंत्री पीकविमा योजनेत, शेतात पाणी साचून पीक गेलं तर ७२ तासांत कळवण्याची अट होती. पहिले तीन दिवस स्वतःला कोसण्यात घालवणाऱ्याची मुदत तिथेच संपे. ज्याने एक रात्र मोकळेपणाने रडून घेतलं, तो सकाळी फोटो काढून तक्रार नोंदवू शके. या दोघांत खंबीर कोण, हे ठरवायला मानसशास्त्राच्या पुस्तकाची गरज नाही. नुकसानीचं माप नीट घेणं, मदत मागणं आणि हक्काचं भांडण भांडणं ही तिन्ही कामं स्वतःशी वैर धरून होत नाहीत.