अष्टपैलूपणाची किंमत

वऱ्हाडात एखाद्या रंगकर्मीचे कौतुक करायचे झाले की 'अष्टपैलू' हा शब्द हमखास निघतो. अमरावती-अकोल्याकडचा हा तरुण सकाळी लग्नाचे चित्रण करतो, दुपारी संकलनाला बसतो, संध्याकाळी राज्य नाट्य स्पर्धेतल्या नाटकाची प्रकाशयोजना सांभाळतो आणि रात्री कुणाच्या तरी सभेच्या ध्वनियंत्रणेपाशी उभा असतो. त्याला शाल मिळते, श्रीफळ मिळते. चार कामांचे मानधन मात्र पुष्कळदा एकाच कामाइतके. हा गौरव नव्हे, ही गोड शब्दांतली लूट आहे.

यावर दोन उत्तरे ठरलेली. पहिले असे : मुंबईला जा आणि एकाच कामात प्रावीण्य मिळव. धामणगावचे राजदत्त गेलेच की! गेले खरे, पण तेही आधी पत्रकार होते, मग राजा परांजपे यांचे सहायक झाले, आणि १९६७ साली 'मधुचंद्र' घेऊन दिग्दर्शक म्हणून उभे राहिले. २०२४ च्या पद्मभूषणामागे एकच कसब नव्हते. शिवाय मुंबईत काम बारमाही असते. आपल्याकडे ते हंगामी : लग्नसराई, अकोल्याची श्रावणातली कावड, गणपती, नवरात्र, मोझरीचा पुण्यतिथी महोत्सव. कपाशीत तुरीचे तास पेरणाऱ्या शेतकऱ्याला कुणी 'एकाच पिकावर लक्ष दे' असे सांगत नाही. एक पीक बुडाले तर दुसऱ्याने तारावे, हे शहाणपण शेतात मान्य आणि रंगमंचामागे मात्र अमान्य, असे का?

दुसरे उत्तर अधिक घातक : 'हा हौसेचा मामला आहे.' अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी भारतीय खेळांची प्रात्यक्षिके सादर केली. एवढी मजल केवळ हौसेवर जात नाही; तिला तालीम लागते, शिस्त लागते, प्रेक्षकांसमोर चूक न होऊ देण्याची जबाबदारी लागते. प्रकाश आणि ध्वनी सांभाळणाऱ्याची जबाबदारी याहून वेगळी ती काय?

दोष आपल्याही पदरात घ्यायला हवा. चार कामे येणे वेगळे आणि चार कामे अर्धवट येणे वेगळे. एक तरी काम मुळापासून यावे, बाकीची त्याच्या आधाराने वाढावीत. आणि पैशाचे बोलताना जीभ जड होऊ नये. मांडववाला इसार घेतल्याशिवाय खांब रोवत नाही, बँडवाला सुपारी घेतल्याशिवाय तारीख देत नाही. त्यांना कुणी लोभी म्हणत नाही. मग 'कलावंत' म्हणवून घेणाऱ्यालाच संकोच का वाटावा?

तेव्हा मागणी साधी आहे. प्रत्येक कामाचा दर वेगळा, ठरलेले सारे लेखी, आणि पत्रिकेत वा श्रेयनामावलीत प्रत्येक कामापुढे नाव. आयोजकांना हे जड वाटत असेल, तर त्यांनी चार माणसे बोलवावीत. तेव्हा कळेल, एकटा माणूस इतकी वर्षे त्यांचे किती पैसे वाचवत होता.