गाण्याचं उत्तर गाण्यात, ठाण्यात नव्हे!

नवी मुंबईकर बंधू-भगिनींनो,

१५ डिसेंबर २०१९ रोजी यू-टू या आयरिश बँडने भारतात पहिल्यांदा कार्यक्रम केला, तो आपल्या नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये. कॅथलिक-प्रोटेस्टंट वैरात सांडलेल्या रक्तावर गाणी रचणारा, श्रद्धावान असूनही देवाला जाब विचारणारा हा बँड. ए. आर. रहमानही मंचावर आले. आपण तिकिटं काढून गेलो, टाळ्या पिटल्या.

आठवडा उलटायच्या आत पणजीत काय झालं? सेरेंडिपिटी कला महोत्सवात दिल्लीच्या ‘दास्तान लाइव्ह’ या बँडने हिंदी कवी नागार्जुन यांची ‘मंत्र’ कविता गायली. १९६९ ची ही कविता ‘ॐ’चा जप करत सत्तेच्या आणि ढोंगाच्या चिंधड्या उडवते. पन्नास वर्षं ती पुस्तकात होती. गिटार-ड्रमवर आली आणि धार्मिक भावना दुखावल्याची तक्रार झाली. पोलिसांनी कलाकारांना ठाण्यात नेलं. भारतीय दंड संहितेचं कलम २९५ अ!

आमचा सवाल साधा आहे. एका तक्रारदाराचा कान म्हणजे अख्ख्या समाजाच्या भावना, हे ठरवलं कुणी?

हे कलम इंग्रजांनी १९२७ मध्ये आणलं. ‘रंगीला रसूल’ या पुस्तिकेवरून पंजाब पेटला होता, त्याचा हा परिणाम. १ जुलै २०२४ पासून तेच भारतीय न्याय संहितेत कलम २९९ म्हणून नांदतं आहे. शिक्षा तीन वर्षांपर्यंत. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र. म्हणजे निकाल लागायच्या आधीच अटक, वकील, तारखा. गाणारा निर्दोष सुटला तरी पुढचे कार्यक्रम गेलेलेच असतात. सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्येच बजावलं होतं की हेतुपुरस्सर आणि दुष्ट बुद्धीने केलेला अपमान तेवढाच या कलमात बसतो. ठाण्यातल्या टेबलावर हा फरक पाहतो कोण?

“आमच्याच धर्मावर का बोलता?” असं कुणी विचारेल. त्यांनी ऐकावं. नेरूळला आलेल्या त्याच रहमान यांच्याविरुद्ध २०१५ मध्ये एका चित्रपटाच्या संगीतावरून मुंबईच्या रझा अकादमीच्या पुढाकाराने फतवा निघाला होता. २०१३ मध्ये काश्मीरच्या मुफ्तींनी गाणं इस्लामविरोधी ठरवलं आणि ‘प्रगाश’ या शाळकरी मुलींच्या रॉक बँडने वाद्यं खाली ठेवली. २०१२ मध्ये मॉस्कोच्या चर्चमध्ये गायल्याबद्दल ‘पुसी रायट’ या बँडच्या तरुणींना दोन वर्षांची सजा झाली. देव वेगळे, दटावणी एकच.

आणि आपण मराठी माणसांनी तरी बिचकू नये. गाडगेबाबा हातात खराटा घेऊन कीर्तनाला उभे राहत आणि समोरच्या भाविकांनाच प्रश्न विचारत: नवसाला बोकड कशाला कापता, कर्ज काढून देवाला कशाला जाता? लोक हसत, खजील होत, पुन्हा कीर्तनाला येत. सत्यशोधक जलशांनी ढोलकीच्या तालावर भटशाहीची लक्तरं काढली. त्याच ढोलकीच्या जागी ड्रम आला, एवढ्यावर गुन्हा कसा होतो?

आम्हीही गणपती बसवतो, वारीला जातो. एखादं गाणं आम्हालाही खुपेल. तेव्हा आम्ही उठून जाऊ, विरोधात लिहू, गाऊ. पण गाणाऱ्याच्या दंडाला धरायला पोलीस बोलावणार नाही.

म्हणून आमच्या मागण्या:

१. कवी-खासदार इम्रान प्रतापगढी यांच्यावरचा गुन्हा रद्द करताना २८ मार्च २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, अशा तक्रारीत आधी प्राथमिक चौकशी करणं योग्य आणि शब्द जोखायचे ते खंबीर माणसाच्या कसोटीवर, हळव्याच्या नव्हे. नवी मुंबई पोलिसांनी हे प्रत्येक ठाण्याला लेखी कळवावं.

२. नुसत्या धमकीच्या पत्रावरून वाशीच्या विष्णुदास भावे नाट्यगृहातला कोणताही प्रयोग महापालिकेने रद्द करू नये. बंदोबस्त धमकी देणाऱ्याचा करावा.

३. आयोजकांनी कलाकारांकडून ‘धर्मावर गाणार नाही’ अशी हमी मागू नये.

पटलं तर हे पत्रक शेजाऱ्याला द्या. नाही पटलं तर याविरुद्ध पत्रक काढा. तेही आम्ही वाचू.

आपले,
नवी मुंबईतले काही गाणारे आणि ऐकणारे