निनावी साक्षीदार

निनावी पत्र केराच्या टोपलीत टाकावे, हा व्यवहारातला शहाणपणा काही मंडळी इतिहासालाही लावू पाहतात. संत जोन ऑफ आर्कचे चरित्र सांगताना ‘पॅरिसच्या एका नागरिकाची रोजनिशी’ उघडण्याचे कारण नाही, असे त्यांचे म्हणणे. लेखकाचे नाव ठाऊक नाही, शिवाय तो जोनचा वैरी. मग त्याला साक्षीला का बोलवावे? हा युक्तिवाद आम्हांला मुळीच मान्य नाही.

ही फ्रेंच बखर इ. स. १४०५ ते १४४९ या काळातील. ‘नागरिक’ हे बिरुद तिच्या लेखकाला मागाहून चिकटले. १८८१ साली तिची आवृत्ती काढणाऱ्या आलेक्सांद्र त्युते यांनी तो नोत्र दाम महामंदिराशी व पॅरिस विद्यापीठाशी संबंधित धर्मगुरू असावा, असे साधार प्रतिपादिले. म्हणजे नाव हरवले, माणूस हरवला नाही. पावाचे भाव, उपासमार, रोगराई, १४३९ साली नगराच्या परिसरात धुमाकूळ घालणारा शेपूटतुटका लांडगा, हे सारे त्याने पोटतिडकीने टिपले आहे. पावाच्या भावाबद्दल खोटे लिहून त्याला काय मिळणार होते?

जोनच्या बाबतीत मात्र तो पक्षपाती आहे. तो बर्गंडीच्या बाजूचा. तिने पॅरिसवर हल्ला चढवला तो ८ सप्टेंबर १४२९ रोजी, पवित्र मरियेच्या जन्मोत्सवाच्या दिवशी. (याच सणानिमित्त आपल्याकडे बांद्र्याची जत्रा भरते.) अशा दिवशी शस्त्र उचलले, याचा त्याला आलेला संताप लपत नाही. ३० मे १४३१ रोजी रूआं येथे तिला जाळले, तो वृत्तान्त त्याने बहुधा ऐकीव माहितीवरून लिहिला. तिच्यावरील आरोपही तो विरोधकांच्या प्रवचनातून उचलतो. तेथे त्याचा शब्द खटल्याच्या उपलब्ध कागदपत्रांशी ताडूनच घ्यावा. पण तिला रक्तसाक्षी म्हणणारेही लोक होते, हे तोच नोंदवतो! वैऱ्याच्या लेखणीतून उतरलेली ही कबुली आम्हांला भक्तांच्या दहा स्तुतिपाठांहून मोलाची वाटते.

खरे भय निराळेच आहे, अशी आम्हांला शंका येते. हा वैरी धर्मगुरू होता. तिला दोषी ठरवणाऱ्या न्यायासनावर महागुरू पिएर कोशों बसले होते आणि पॅरिस विद्यापीठाच्या ईशज्ञानपंडितांनी त्यांची पाठ राखली होती. १४५६ साली ख्रिस्तसभेच्याच न्यायासनाने तो निकाल रद्द ठरवला. १९२० साली पोप पंधरावे बेनेडिक्ट यांनी जोनला संतपद बहाल केले. या दोन तारखा आपण अभिमानाने सांगतो. मग १४३१ सांगताना सारा दोष इंग्रजांच्या माथी मारून झगेवाल्यांना अलगद बाजूला का काढावे?

घरोघरी वाचल्या जाणाऱ्या संतचरित्रांत पॅरिसच्या त्या निनावी धर्मगुरूला एक पान तरी मिळावे, त्याच्या शिव्याशापांसकट.