सहा तारांवरची हवानाची अंगाई

शास्त्रीय गिटारच्या मैफलीत बाखनंतर एखादी क्यूबन अंगाई वाजली, की तिला हलकीफुलकी ठरवून बाजूला सारण्याची सवय आता सोडायला हवी.

लिओ ब्राउवर यांचा जन्म 1939चा, हवानाचा. इसाक निकोला यांच्याकडे ते शिकले आणि पुढे आधुनिक गिटारचे मोठे रचनाकार झाले. एलिसेओ ग्रेनेट यांची आफ्रो-क्यूबन अंगाई आणि गोन्सालो रोइग यांचं ‘ओहोस ब्रुहोस’ ही लोकांच्या ओठांवरची गाणी त्यांनी सहा तारांवर आणली. ‘ग्वाहिरा क्रिओया’ आणि ‘सापातेओ कुबानो’मध्ये तर क्यूबाच्या खेड्यांतलं गाणं आणि नाच थेट ऐकू येतो.

खरी कसोटी लयीची. आठ मात्रांची तीन-तीन-दोन अशी वाटणी क्यूबन संगीताच्या नसानसांत आहे. नुसती स्वरलिपी वाचून ती साधत नाही. अंगठ्याचा खर्ज किंचित जरी ढिला पडला, तरी नाच थांबतो आणि उरतो तो बोटांचा व्यायाम.

म्हणूनच ब्राउवर शिकवणाऱ्यांनी आधी मूळ गाणी ऐकवावीत, सोन आणि रुम्बा या क्यूबन संगीतप्रकारांची लय टाळ्यांवर पक्की करून घ्यावी. आणि कार्यक्रमपत्रिकेत ब्राउवर यांच्या शेजारी ग्रेनेट, रोइग ही नावंही तितकीच ठळक छापावीत.