निर्दोष सुटला म्हणजे संपलं का?

‘‘कोर्टानं सोडून देलं ताई, आता कोनाकडं जावाचं?’’ मोहफुलांची टोपली खाली ठेवत ती म्हणाली. जमिनीच्या भांडणात तिचा थोरला मुलगा मारला गेला. आरोपी सुटले. निकाल लागल्याचं तिला कुणी कळवलंही नाही. संध्याकाळी गावात फटाके वाजले, तेव्हा समजलं. आता पाण्याला जाते ती त्यांच्याच दारावरून.

मैत्रिणींनो, निर्दोष सुटका म्हणजे शेवट, असं आपण धरूनच चालतो. पूर्वी पोलीस केसमध्ये वरच्या कोर्टात जायचं की नाही, हे सरकार ठरवायचं. ३१ डिसेंबर २००९ पासून पीडित व्यक्तीला, ती हयात नसेल तर तिच्या वारसांना, स्वतः अपील करता येतं. त्यासाठी हायकोर्टाची वेगळी परवानगी लागत नाही, हे सुप्रीम कोर्टानं २०१८ साली स्पष्ट केलं. जुलै २०२४ मध्ये नवी नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली, तिच्यातही हा हक्क आहे.

अपिलानं निकाल फिरतात का? फिरतात. जेसिका लाल खून खटल्यात फेब्रुवारी २००६ मध्ये सगळे सुटले आणि त्याच वर्षी डिसेंबरात दिल्ली हायकोर्टानं मुख्य आरोपीला जन्मठेप दिली. पण ती दिल्ली! तिथं कॅमेरे होते. नगर जिल्ह्यातल्या खर्ड्याचा नितीन आगे, सतरा वर्षांचा पोरगा, एप्रिल २०१४ मध्ये मारला गेला. २०१७ साली आरोपी सुटले, कारण साक्षीदार उलटले होते. अपिलात कोर्ट मुख्यतः खालचेच कागद वाचतं. साक्षीदार आधीच घाबरून फिरले असतील, तर त्या कागदांत सापडणार काय? म्हणून मला वाटतं, खरी लढाई पहिल्याच कोर्टात, साक्षीदाराच्या पाठीशी उभं राहण्यात आहे.

आपल्या भागानं तर हे फार आधी पाहिलंय. १९७२ साली देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात एका आदिवासी मुलीवर अत्याचार झाला. (तेव्हा आपला जिल्हा चंद्रपूरच होता.) सेशन कोर्टानं दोन्ही पोलिसांना सोडलं, नागपूर खंडपीठानं शिक्षा दिली, १९७८ मध्ये सुप्रीम कोर्टानं पुन्हा सोडलं. मथुरा खटला तो हाच. देशभर बायका रस्त्यावर आल्या आणि १९८३ मध्ये बलात्काराचा कायदा बदलला. त्या मुलीच्या पदरात मात्र न्याय पडला नाही.

प्रत्येक सुटका चुकीची असते, असं मी म्हणत नाही. पुरावा नसेल तर माणूस सुटलाच पाहिजे. पण का सुटला, हे त्या आईला वाचायला तरी मिळू दे! कैदेची शिक्षा झालेल्याला निकालाची प्रत फुकट मिळते. मेलेल्याच्या आईनं मात्र अर्ज करायचा, पैसे भरायचे. हे मला पटत नाही. निकालाच्याच दिवशी तिच्या हातात प्रत का देऊ नये?

तोवर आपण एवढं करू शकतो. बाईला सरकारी खर्चानं वकील मिळतो, तिचं उत्पन्न कितीही असो. तालुका विधी सेवा समितीत अर्ज करायचा. सरकारच्या अपिलाला नव्वद दिवसांची मुदत असते, आपणही तेवढ्यातच हालचाल केलेली बरी.

तिचे चाळीस दिवस गेलेत. सोमवारी प्रतीच्या अर्जासाठी मी तिच्याबरोबर जाणार आहे. अंगठा नको, सही करते म्हणाली, नातीकडून शिकतेय.