व्हिडिओ गेम टी.व्ही.ला जोडताना

सुट्टी लागली की घरोघरी एकच तक्रार ऐकू येते. मुलगा पलंगाच्या कोपऱ्यात मोबाईलमध्ये डोके खुपसून बसलेला असतो. काय खेळतो, कोणाशी खेळतो, किती वेळ खेळतो, काही कळत नाही. जेवायला हाक मारली की ‘हो’ येते, मुलगा येत नाही. असा मुलगा एके दिवशी ‘गेम टी.व्ही.ला जोडून द्या’ म्हणाला की आईवडिलांच्या कपाळाला आठ्या पडतात. आधीच एक पडदा नकोसा झाला आहे, त्यात दुसऱ्याची भर कशाला?

ही मागणी लगेच धुडकावून लावू नये. हातातल्या पडद्यावरचा खेळ एकट्याचा असतो, तर बैठकीच्या खोलीत आलेला खेळ सगळ्यांच्या डोळ्यांसमोर असतो. त्यात मारामारी किती, शर्यत किती, हे आजीलाही दिसते. धाकट्या बहिणीला पाळी मागता येते, आणि साडेआठ वाजले की टी.व्ही. बंद करण्याचे बटण मोठ्यांच्या हाताशी असते. मात्र जोडणी नीट हवी. चुकीच्या वायरवर पैसे गेले, चित्र आलेच नाही किंवा अडखळत आले, की मुलगा दोन दिवसांत पुन्हा मोबाईल घेऊन कोपऱ्यात जाऊन बसतो.

टी.व्ही.साठीच जन्मलेला खेळ

घरगुती व्हिडिओ गेमचा जन्मच मुळी टी.व्ही.साठी झाला. राल्फ बेअर हे मूळचे जर्मनीतले ज्यू. १९३८ साली त्यांचे कुटुंब अमेरिकेत आले. पुढे ते टी.व्ही.चे इंजिनिअर झाले. १९६६ साली न्यूयॉर्कच्या एका बस स्थानकावर थांबलेले असताना त्यांच्या मनात आले, घरोघरी हा संच आहे, लोक त्याच्यापुढे नुसते बसून पाहतात. त्यावर खेळता का येऊ नये? त्यातून तयार झालेले यंत्र १९७२ साली ‘मॅग्नाव्हॉक्स ओडिसी’ या नावाने बाजारात आले. त्याच वर्षी २ ऑक्टोबरला आपल्याकडे मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले.

ओडिसीला आवाज नव्हता. पडद्यावर दिसत ते फक्त पांढरे ठिपके आणि एक रेघ. मैदान हवे तर रंगीत पारदर्शक प्लॅस्टिकचा कागद टी.व्ही.च्या काचेवर लावायचा. सोबत सोंगट्या, फासे आणि पत्तेही मिळत. त्यातल्या टेबल टेनिसला तर दोघेजण लागतच. एकट्याने खेळायची सोयच नव्हती. म्हणजे पडदा घरातला आणि खेळ दोघांचा, हीच मूळची कल्पना. खेळ खिशात आणि तळहातावर गेला तो नंतर.

अँटेनाच्या वाटेने

त्या काळच्या घरगुती टी.व्ही.त बाहेरचे चित्र आत जाण्याची वाट साधारणपणे एकच होती, ती अँटेनाची. म्हणून गेमच्या यंत्रात एक इवलेसे प्रक्षेपण केंद्रच बसवलेले असे. यंत्र आपले चित्र एखाद्या वाहिनीच्या लहरींवर बसवून वायरीने अँटेनाच्या सॉकेटमध्ये सोडी, आणि टी.व्ही.ला वाटे की हा एखादा कार्यक्रमच आला आहे.

जपानमध्ये १९८३ साली निन्टेन्डोचे ‘फॅमिकॉम’ आले. नव्वदच्या दशकात भारतात घरोघरी जी स्वस्त यंत्रे दिसू लागली, त्यांतली बरीचशी याच फॅमिकॉमच्या नकला होत्या. पिवळी, लाल, काळी कॅसेट खोचायची, अँटेनाची पिन काढून गेमची पिन घालायची आणि मारिओ दिसेपर्यंत ट्यूनिंग फिरवत बसायचे, हा अनुभव आज चाळिशीत असलेल्या अनेकांच्या आठवणीतला आहे.

परदेशातल्या नातेवाइकांनी प्रेमाने आणलेला गेम मात्र बऱ्याचदा कपाटातच राही. अमेरिकेत टी.व्ही.चे चित्र ५२५ रेघांचे, तर आपल्याकडे ६२५ रेघांचे. रंगांची पद्धतही वेगळी. त्यामुळे चित्र गरगर फिरे, काळेपांढरे दिसे, आवाज तर येतच नसे. त्यातून तिकडचा अॅडॉप्टर ११०-१२० व्होल्टचा. तो आपल्या २३० व्होल्टच्या प्लगमध्ये तसाच घातला की जळालाच म्हणून समजावे. चित्राची अडचण आता फारशी उरलेली नाही, पण व्होल्टेजची आजही आहे. बाहेरून आलेल्या कोणत्याही यंत्राच्या अॅडॉप्टरवर ‘१०० ते २४०’ असे छापले आहे का, ते आधी पाहावे. नसेल तर ते यंत्र थेट प्लगमध्ये घालू नये.

‘गेम लावला की पिक्चर ट्यूब जाते’ असे तेव्हा वडीलमंडळी बजावत. त्यात थोडे तथ्य होते. एकच स्थिर चित्र तासन् तास ठेवले तर काचेवर त्याचा डाग राहू शके. तासभर हलत्याचालत्या खेळाने ट्यूबला काही होत नसे. आजच्या साध्या एल.ई.डी. टी.व्ही.ला हा धोका फारसा नाही. महागड्या ओलेड टी.व्ही.वर मात्र गेम थांबवून, चित्र तसेच ठेवून जेवायला जाऊ नये.

माळ्यावरचे जुने यंत्र

मुलांना आपले बालपण दाखवावे म्हणून पुष्कळ जण जुने यंत्र माळ्यावरून काढतात. त्याच्या मागे पिवळे सॉकेट असेल तर काम सोपे. पिवळी पिन चित्राची, पांढरी डाव्या आवाजाची आणि लाल उजव्या आवाजाची. जुन्या यंत्राला आवाजाचे एकच सॉकेट असेल, तर त्याची वायर टी.व्ही.च्या पांढऱ्या सॉकेटमध्ये घालावी.

नव्या टी.व्ही.त पिवळे सॉकेट सापडत नाही म्हणून लोक गोंधळतात. काही संचांत ते हिरव्या सॉकेटमध्येच सामावलेले असते; त्याच्या कडेला तसे छापलेले असते, आणि पिवळी पिन तिथेच घालायची असते. काहींत हेडफोनसारखे एकच बारीक भोक असते. त्याची तीन शेपट्यांची वायर टी.व्ही.च्या खोक्यातच मिळते. ती जपून ठेवावी, कारण दुकानातून आणलेल्या दुसऱ्या वायरीत जोडणीचा क्रम वेगळा असला की चित्राऐवजी नुसती घरघर येते.

यापैकी काहीच नसेल तर चित्र बदलून देणारी छोटी डबी मिळते. इथे खरेदीत हमखास चूक होते. जुने यंत्र नव्या टी.व्ही.ला जोडायची डबी वेगळी, आणि नवे यंत्र जुन्या टी.व्ही.ला जोडायची वेगळी. दिसायला दोन्ही सारख्या, पण एकीचे काम दुसरी करीत नाही. दुकानदाराला ‘यंत्र जुने, टी.व्ही. नवा’ असे स्पष्ट सांगावे. डबीला वीजही लागते, ती टी.व्ही.च्या यू.एस.बी. सॉकेटमधून देता येते.

यंत्राला फक्त अँटेनाची पिन असेल, तर आधी कॅसेट घालून यंत्र चालू करावे आणि मगच टी.व्ही.मध्ये अॅनालॉग वाहिन्या शोधायला लावाव्यात. यंत्र बंद असताना शोध घेतला तर टी.व्ही.ला काहीच सापडत नाही.

एक निराशा मात्र आधीच सांगितलेली बरी. बंदुकीने बदके मारायचा तो प्रसिद्ध खेळ आजच्या चपट्या टी.व्ही.वर चालत नाही. चाप ओढला की पडदा क्षणभर काळा होई आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन चमके. बंदुकीच्या नळीतला डोळा तो उजेड ठरल्या क्षणी दिसतो का, हे पाही. जुन्या काचेच्या ट्यूबवर चित्र तत्काळ उमटे. नव्या पडद्यावर ते किंचित उशिरा आणि वेगळ्या प्रकारे उजळते, म्हणून नेम कितीही अचूक असला तरी बदक मरत नाही. त्यात नेमबाजाचा दोष नसतो.

नव्या यंत्राला एकच वायर

आजच्या प्लेस्टेशन, एक्सबॉक्ससारख्या यंत्रांना आणि बहुतेक लॅपटॉपना एच.डी.एम.आय. नावाची एकच वायर पुरते. चित्र आणि आवाज दोन्ही तिच्यातूनच जातात. यंत्रासोबत आलेली वायर असेल तर दुसरी विकत घेऊ नये. घ्यावीच लागली तर दोन-तीन मीटरची, नेहमीच्या किमतीची घ्यावी. सोन्याचा मुलामा दिलेल्या महाग वायरीने चित्र अधिक सुंदर होत नाही. या वायरीतून चित्र आकड्यांच्या रूपात जाते, ते एक तर जसेच्या तसे पोचते किंवा त्यात ठिपके आणि खंड दिसतात. फार लांब स्वस्त वायरीत अशी कुरकुर संभवते.

वायर घातली आणि पडदा काळाच राहिला, तर यंत्र बिघडले असे समजू नये. रिमोटवर ‘सोर्स’ किंवा ‘इनपुट’ बटण दाबून, ज्या क्रमांकाच्या सॉकेटमध्ये वायर घातली तोच क्रमांक निवडावा. निम्म्या तक्रारी इथेच मिटतात. चित्राच्या कडा कापल्या जात असतील, तर चित्राच्या आकाराच्या मेनूत पूर्ण चित्र दाखवणारा पर्याय असतो. टी.व्ही. भिंतीला चिकटवलेला असेल, तर मागे हात घालून पिन जबरदस्तीने खुपसू नये. सॉकेट सैल झाले की दुरुस्तीचा खर्च मोठा येतो. एक छोटी जोडवायर कायमची बाहेर काढून ठेवावी.

चेंडू येतो, बॅट उशिरा फिरते

सगळे जुळले, चित्र झकास आले, तरी मुलगा म्हणतो, ‘खेळताच येत नाही!’ हे रडगाणे नसते. आजचे टी.व्ही. आलेले चित्र तसेच दाखवीत नाहीत. ते त्याला उजळतात, रंग चढवतात, हालचाल गुळगुळीत दिसावी म्हणून दोन चित्रांच्या मध्ये स्वतःचे एक चित्र घालतात. मधले चित्र बनवायला पुढच्या चित्राची वाट पाहावी लागते, आणि या सगळ्यात वेळ जातो. मालिका पाहताना तो जाणवत नाही. खेळात तो सगळा खेळ बिघडवतो.

काही संचांवर हा उशीर सेकंदाच्या दहाव्या हिश्शाएवढाही होऊ शकतो. तेवढ्या वेळात ताशी १४० किलोमीटर वेगाचा चेंडू जवळजवळ चार मीटर पुढे गेलेला असतो. मुलाने बटण वेळेवर दाबलेले असते, पण त्रिफळा उडालेला असतो. यावर उपाय फुकटचा आहे. टी.व्ही.च्या चित्राच्या मेनूत ‘गेम मोड’ असतो, तो चालू करावा. टी.व्ही.ची रंगरंगोटी थांबते आणि चित्र लवकर येते. काही नव्या संचांत तो आपोआप चालू होतो. गेम संपल्यावर पुन्हा नेहमीच्या चित्रावर यावे, नाहीतर आजोबांना बातम्या फिक्या दिसतात.

मोबाईलचा खेळ टी.व्ही.वर

हातातल्या यंत्राचे चित्र मोठ्या पडद्यावर न्यायची हौस जुनीच आहे. सोनीच्या पी.एस.पी.ला पहिल्या रूपात ही सोय नव्हती. २००७ साली आलेल्या रूपात ती आली, पण पिवळ्या पिनच्या वायरीने त्यावर सिनेमा दिसे, गेम दिसत नसे. गेमसाठी पाच पिनांची वेगळी वायर लागे. ही गोष्ट न विचारता पहिली वायर घेणाऱ्यांचे पैसे वाया गेले.

मोबाईलच्या बाबतीत आज तसेच होते. चार्जिंगची पिन सारखी दिसली तरी प्रत्येक फोनमधून चित्र बाहेर येत नाही. काहींत ती सोय असते, अनेकांत फक्त चार्जिंग होते. तेव्हा अॅडॉप्टर घेण्याआधी आपला फोन टी.व्ही.ला वायरीने चित्र देतो का, हे फोनचे नाव सांगून विचारावे. वायरीशिवाय, वाय-फायवरूनही फोनचा पडदा टी.व्ही.वर दिसतो, पण त्यात उशीर होतो. ल्यूडो, बुद्धिबळ, शब्दकोडे, प्रश्नमंजूषा यांना तो चालतो. संध्याकाळी चौघांनी मिळून खेळायला हे उत्तमच. मोटारींची शर्यत किंवा क्रिकेट असेल तर वायरच हवी.

थोडी घरची शिस्त

बसायचे अंतर टी.व्ही.च्या तिरप्या मापाच्या दीड ते अडीच पट असावे. ४३ इंची संचाला साडेपाच ते नऊ फूट पुरते. जुन्या यंत्राच्या वायरी आखूड असल्यामुळे मुले पडद्याला नाक लावून बसतात आणि ओढाताणीत यंत्र खाली येते. अशा वेळी टी.व्ही.कडची वायर लांब घेऊन यंत्रच पुढे आणावे. स्टँडवरचा चपटा टी.व्ही. मागे भिंतीला बांधून ठेवावा. खोलीत अंधार करू नये. झगमगत्या चित्रांनी फारच थोड्या लोकांना झटका येण्याचा धोका असतो. घरात कोणाला फिट्सचा त्रास असेल तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय असे खेळ लावू नयेत. हातवारे करून खेळायचे यंत्र असेल तर मनगटाचा पट्टा घालायलाच हवा. २००६ साली निन्टेन्डोच्या ‘वी’ यंत्राचे रिमोट पट्टा तुटून टी.व्ही.वर जाऊन आदळू लागले, तेव्हा कंपनीला पट्टे बदलून द्यावे लागले होते.

राहिला प्रश्न वेळेचा. घरात टी.व्ही. एकच असेल तर बातम्या, मालिका, सामना आणि गेम यांची वेळ आधीच ठरवावी आणि ती मोठ्यांनीही पाळावी. मुलाची पाळी असताना ‘जरा दोन मिनिटे’ म्हणत रिमोट काढून घेतला, तर तो पुन्हा हातातल्या पडद्याकडेच वळणार. गेम सुरू असताना शेजारी बसून ‘आता काय झालं? तो का पडला?’ एवढे जरी विचारले तरी मूल आनंदाने सांगू लागते. जमल्यास दुसरा कंट्रोलर आपण हातात घ्यावा. हरलो तर हरलो. मुलाला त्याचाच जास्त आनंद होतो.